एकच फाईल का देत नाही? तुम्ही विचारलंत म्हणून

"एकच फाईल मागालोय की हो, मोठं काय मागालोय?" मी पायथॉन या प्रोग्रामिंग भाषेत प्रोग्राम लिहून संस्थांना देतो, आणि तो डबल क्लिकनं चालणाऱ्या एकाच फाईलीत द्या, हे खानापूरकडच्या दूध संस्थेतून येतं, निपाणीच्या पतसंस्थेतून येतं. बेळगावात कॉम्प्युटर शिकलेली पोरं तेच जरा टेचात विचारतात: पायथॉन सगळीकडे चालतं म्हणता, मग विंडोज, उबंटू (लिनक्स) आणि मॅकसाठी तीनदा का बांधता?

पायथॉन सगळीकडे चालतं, संस्थेच्या मशीनवर मात्र ते नसतं. आपण पायथॉनसकट गाठोडं बांधून देतो, आणि त्यातला पायथॉन ज्या सिस्टिमचा, तिथंच ते गाठोडं सुटतं. गाठोडं बांधायचं टूल म्हणजे पायइन्स्टॉलर, ते विंडोजवर बसून मॅकचं गाठोडं बांधत नाही. त्याला मॅकच लागतो.

विंडोज म्हटलं तरी ते एक नाही. डेअरीच्या टेबलावर अजून विंडोज ७ आहे, तेही ३२ बिटचं. त्यावर पायथॉन ३.८ च्या पुढचं चालत नाही. ३.९ ने बांधलेलं दिलं की 'एपीआय-एमएस-विन-कोर-पाथ' अशा नावाची डीएलएल, म्हणजे विंडोजची एक मदतनीस फाईल, सापडत नाही, असा चौकोन येतो. ती डीएलएल नेटवरून उतरवून टाकायची नसते. ३२ बिटच्या ३.८ ने पुन्हा बांधायचं, ते ६४ बिटच्या विंडोजवरही चालतं. ३.८ ची देखभाल ऑक्टोबर २०२४ मध्ये थांबली. म्हणजे जुन्या मशीनसाठी मी जाणूनबुजून बिनदेखभालीचा पायथॉन देतो. बरोबर नाही, कबूल. पण दोन ओळींची पावती काढायला नवं मशीन घ्या म्हणायला जीभ रेटत नाही.

आता त्या एका फाईलबद्दल. मी एकेकाळी तीच देत होतो, आणि मोठ्या तोऱ्यात देत होतो.

पायइन्स्टॉलरचा वनफाईल पर्याय काय करतो ते बघा. डबल क्लिक केलं की ती फाईल स्वतःला विंडोजच्या टेम्प फोल्डरमध्ये उलगडते. तिथं '_एमईआय' आणि पुढं काही आकडे अशा नावाचा फोल्डर तयार होतो आणि प्रोग्राम त्यातून चालतो. बंद केला की तो फोल्डर पुसला जातो. पुढच्या वेळी नवा फोल्डर, नवे आकडे.

एका दूध संस्थेला दिलेल्या प्रोग्राममध्ये डेटाबेसचा पत्ता 'प्रोग्रामच्या फाईलशेजारी' असा लिहिलेला होता. बांधण्याआधी चाचणी घेताना हा पत्ता साध्या फोल्डरचा असतो, नोंदी जागेवर राहतात. बांधल्यावर तोच पत्ता टेम्पमधल्या त्या फोल्डरचा होतो. सभासदांची यादी भरलेला, पण नोंदींपुरता कोरा डेटाबेस गाठोड्यातच घातला होता, त्यामुळे प्रोग्राम उघडला की सगळी नावं जागच्या जागी दिसायची. सकाळ-संध्याकाळ लिटर, फॅट, एसएनएफ (फॅट सोडून उरलेले घन घटक) भरलं जायचं, पावती बरोबर निघायची. दुसऱ्या दिवशी स्क्रीन कोरी. पण नव्या पाळीची स्क्रीन कोरीच असते! शंका यायला जागाच नव्हती. दहा दिवसांनी बिल काढायला बसले, तर सगळ्यांच्या नावापुढं शून्य.

संशय आधी नोंदी करणाऱ्या मुलीवर गेला. सेव्ह केलं नसशील, असं तिला ऐकावं लागलं. तिनं प्रत्येक नोंद सेव्ह केली होती. पुसत प्रोग्राम होता.

वीस पाळ्यांपैकी एका पाळीच्या नोंदी सापडल्या. त्या संध्याकाळी मध्येच करंट गेला होता आणि यूपीएस नव्हता. प्रोग्राम रीतसर बंदच झाला नाही, त्यामुळे फोल्डर पुसायचा राहून गेला. उरलेल्या एकोणीस पाळ्या वहीवरून पुन्हा भरल्या. वही ठेवायचा आग्रह सेक्रेटरींचा होता. कॉम्प्युटर आल्यावर वही कशाला, हे वाक्य माझं.

दुरुस्ती फार मोठी नव्हती. लिहायच्या फाईली प्रोग्रामपासून वेगळ्या ठेवायच्या. एकाच मशीनवर वेगवेगळ्या लॉगिननं काम होत असेल तर विंडोजच्या प्रोग्रामडेटा फोल्डरमध्ये आपला फोल्डर करायचा, आणि सगळ्यांना त्यात लिहायची परवानगी इन्स्टॉलरमधूनच द्यायची. लॉगिन एकच असेल तर लोकल ॲपडेटा पुरतो. उबंटूवर होम फोल्डरातला 'डॉट लोकल, शेअर', मॅकवर 'लायब्ररी, ॲप्लिकेशन सपोर्ट'. प्लॅटफॉर्मडिर्स नावाची लायब्ररी हे पत्ते काढून देते. फक्त वाचायच्या गोष्टी, म्हणजे फॉन्ट, चित्रं, कोरा डेटाबेस, गाठोड्यात राहू द्यायच्या आणि पहिल्यांदा उघडताना डेटाबेसची प्रत बाहेर काढायची.

मग वनफाईल ठेवूनही हे जमलं असतं की? जमलं असतं. तेव्हाचा मी हेच म्हणून भांडतो, आणि त्याचं म्हणणं चूक नाही. मी फोल्डरवाला पर्याय, म्हणजे सगळं आधीच उलगडून एका फोल्डरात देणं, धरला तो आणखी दोन कारणांनी. वनफाईल दर वेळी उलगडते, त्यामुळे जुन्या हार्डडिस्कवर उघडायला वेळ खाते. आणि अँटीव्हायरस अशा फाईलीवर जास्त भुंकतो. पण फोल्डर दिला की लोक त्यातली एक्सई एकटीच उचलून डेस्कटॉपवर नेतात आणि 'पायथॉनची डीएलएल लोड होत नाही' म्हणून फोन करतात. म्हणून इनो सेटअप या टूलनं इन्स्टॉलर बांधला, डेस्कटॉपवर शॉर्टकट ठेवला. तर एका संस्थेनं तो शॉर्टकटच पेनड्राइव्हवर घालून शेजारच्या गावी नेला. कशी का असेना, एकच फाईल होती!

उबंटूवरही जुन्या-नव्याचंच दुखणं. २२.०४ वर बांधलेलं २०.०४ वर नेलं तर 'जीलिबसी २.३५ सापडत नाही' म्हणतं, कारण बहुतेक प्रोग्राम जिच्यावर टेकतात ती ही लायब्ररी तिथं २.३१ आहे. म्हणून तुमच्याकडच्या सगळ्यात जुन्या उबंटूवर बांधायचं. पोरं म्हणतात, पिपनं, म्हणजे पायथॉनच्या स्वतःच्या इन्स्टॉलरनं, टाकू. २३.०४ पासून उबंटू सिस्टिमच्या पायथॉनमध्ये पिपला हात लावू देत नाही, आधी व्हेंव, म्हणजे पायथॉनची वेगळी खोली, करावं लागतं. ते डेअरीत कोण करणार? मॅकसाठी ॲपलच्या सही-शिक्क्याचे वर्षाला ९९ डॉलर पडतात. ती सही नसली की मॅक प्रोग्राम अडवतो. पण एका चेअरमनच्या मुलासाठी तेवढे मी भरत नाही, त्याला 'तरीही उघडा' कुठं असतं ते दाखवतो.

आपल्याकडचा खास त्रास पावतीचा. मराठी आणि कन्नड दोन्ही छापायचं असतं. विंडोज ७ वर मंगल आणि तुंगा हे दोन फॉन्ट, ८ पासून दोन्ही लिप्यांना निर्मला यूआय, आणि उबंटूवर यातलं काहीच येत नाही. म्हणून नोटो या मोफत फॉन्टसंचातले दोन्ही लिप्यांचे फॉन्ट गाठोड्यात घालतो. फाईल उघडताना यूटीएफ-८ (अक्षरं साठवायची पद्धत) स्पष्ट लिहिलं नाही, तर उबंटूवर नीट चाललेला प्रोग्राम विंडोजवर पहिल्याच 'ज्ञानेश्वर'ला 'चारमॅप' म्हणत कोसळतो. सभासद यादी एक्सेलमध्ये उघडायची असेल तर यूटीएफ-८-सिग लिहायचं, म्हणजे तीच पद्धत, फाईलीच्या सुरुवातीला खुणेसकट.

वनफाईल कायमची सोडली असं मात्र म्हणत नाही. वजनकाट्याचं पोर्ट तपासायचं छोटं टूल अजून तसंच देतो, कारण ते काही लिहून ठेवतच नाही. तुम्हाला हवीच असेल तर फोन करण्याआधी विंडोज आणि आर ही बटणं दाबून 'विनव्हर' टाइप करा. कुठलं विंडोज ते कळेल. ३२ बिट की ६४, ते कॉम्प्युटरच्या प्रॉपर्टीजमध्ये 'सिस्टिम टाइप'पुढं लिहिलेलं असतं. दोन्हींचा फोटो पाठवा. आणि वही चालू ठेवा.