फोनवाल्यांचे

गेल्या दिवाळीच्या आवराआवरीत पोटमाळ्यावरून सोलापूरची जुनी टेलिफोन डिरेक्टरी खाली आली. पुठ्ठा गेलेला, कडा उंदरांनी कुरतडलेल्या. बायकोनं ती थेट रद्दीच्या ढिगावर टाकली आणि मी परत उचलून आत आणली. "आता कुणाला फोन लावणार आहात?" तिनं विचारलं. प्रश्न रास्त होता.

लहानपणी आमच्या घरात या पुस्तकाला वेगळंच काम होतं. न्हावी घरी यायचा, तेव्हा खुर्चीवर डिरेक्टरी आणि डिरेक्टरीवर मी. माझं डोकं त्याच्या हाताला येण्याइतकी तिची जाडी बरोबर होती. ती वाचायची वस्तू आहे, हे मला पन्नाशी उलटल्यावर कळलं.

आणि एकदा कळल्यावर सुटेना. कादंबरीसारखी वाचत गेलो. इंग्रजी वर्णक्रमाला आपली जातपात ठाऊक नसते, हा त्याचा मोठाच गुण. त्यामुळे बिराजदारांच्या रांगा संपतात न संपतात तोच बोल्ली आणि बुरा सुरू होतात. कानडी मुलूख ओलांडून माणूस एका बोटाच्या अंतरावर तेलुगू मुलखात उतरतो. पुढं शहा, शेख आणि शिंदे तर एकमेकांना खेटूनच उभे. गावात पेठा वेगळ्या, बोली वेगळ्या, ताटातली भाजीसुद्धा वेगळी. पण पानावर सगळे एकाच चाळीत.

आडनावांपेक्षाही मजा पत्त्यांत आहे. बाळीवेस, तुळजापूर वेस, विजापूर वेस. वेस म्हणावी असं तिथं आता काही उरलेलं नाही. रिक्षा आहेत, केळीच्या गाड्या आहेत. तरी आपण 'वेशीत उतरतो' असंच म्हणतो. गिरण्यांचंही तेच. जुनी मिल १८७७ ची. तिच्यामागून लक्ष्मी-विष्णू आली, नरसिंग गिरजी आली. गावाचं घड्याळ त्यांच्या भोंग्यावर चालायचं. आमची आजी भोंगा झाला की भात चढवायची. कुठल्या मिलचा भोंगा तेही तिला आवाजावरून कळायचं. भोंगे बंद झाले, कामगारांची देणी वर्षानुवर्षं अडकली, आणि पत्ता मात्र 'जुन्या मिलजवळ' हाच राहिला. मुरारजी पेठेतले मुरारजी म्हणजे ही मिल काढणारे मुंबईचे मोरारजी गोकुळदास, असं जुनी माणसं सांगतात. पोस्टमनला या इतिहासाशी देणंघेणं नाही. तो बिचारा पेठेचं टपाल पेठेत टाकतो.

आमचे एक प्राध्यापक स्नेही आहेत. त्यांना माझा हा नाद पोरकट वाटतो. "इतिहास वाचायचा तर गॅझेटियर वाचा," म्हणाले. वाचलं. मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा विसावा खंड सोलापूरचा, १८८४ सालचा. इंटरनेटवर फुकट मिळतो. साहेबानं काम चोख केलंय, यात वाद नाही. पाऊस, पिकं, माग, बाजार, जाती, १८७६ चा दुष्काळ, सगळं मोजून मापून लिहिलंय. फक्त वाचताना सारखं वाटत राहतं, की हा मनुष्य घोड्यावरून खाली उतरलाच नाही. सोळा गावं मिळून सोलापूर झालं, ही शाळेत ऐकलेली गोष्टही अशाच पुस्तकांतून फिरत आलेली. नंतरच्या सरकारी गॅझेटियरनं मात्र तिला शिलालेखांची टाचणी लावली: आमचं ग्रामदैवत असलेल्या सिद्धरामेश्वरांच्या काळात गावाचं नाव सोन्नलगे होतं. गंमत म्हणजे ही दुरुस्ती झाली तरी सोळा गावांची गोष्ट काही हलली नाही. परीक्षेत तीच लिहिली तर मार्क मिळत होते.

शिवाय साहेबाचं पुस्तक १८८४ ला संपतं, म्हणजे आमचं गाव रंगात यायच्या आधीच. मी जन्मलो ते डफरीन हॉस्पिटल त्यात नाही. १९३० च्या मे महिन्यात, सविनय कायदेभंगाच्या धामधुमीत, इथं लष्करी कायदा लागला, तो त्यात असणं शक्यच नव्हतं. त्याच प्रकरणात १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात चौघांना फाशी झाली. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. चार पुतळ्यांवरून मी हजार वेळा गेलो असेन, पण ही नावं एका ओळीत वाचली ती डिरेक्टरीचा चष्मा लागल्यावर. हे तर डिरेक्टरीचंच पान की! शिक्षा देणाऱ्या सरकारनं नकळत गावाची शिरगणती करून ठेवली. (पूर्व भागातलं एखादं तेलुगू आडनाव त्यात हवं होतं, असं मनात आलं आणि लगेच लाज वाटली. फाशीच्या यादीत कुणाचं नाव 'हवं' म्हणायचं?)

तेव्हापासून इतिहास म्हणून न छापलेली पुस्तकं मी गोळा करतो. शाळांच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिका सगळ्यात चांगल्या. त्यांतले अध्यक्षांचे शुभसंदेश सोडून द्यावेत आणि जाहिरातींची पानं उघडावीत. चादर-टॉवेलचे कारखानदार, सूत व्यापारी, विडीचा कारखाना, फोटो स्टुडिओ, टेलिफोन नंबर चार आकडी. कोणता धंदा कुठल्या साली ऐन भरात होता, ते जाहिरात पाव पान आहे की पूर्ण पान, यावरून समजतं. आणि खरं सांगायचं तर सोलापुरात छापलेलं सगळ्यात खपाचं पुस्तक हे इतिहासाचं नाहीच, ते दाते पंचांग. शंभर वर्षांहून अधिक काळ ते इथून साऱ्या महाराष्ट्राला मुहूर्त पुरवतंय. आमच्याच गावाचा मुहूर्त कधी लागणार, ते तेवढं त्यात सापडत नाही.

यंदा सिद्धरामेश्वरांच्या जत्रेत, म्हणजे आमच्या गड्ड्याच्या जत्रेत, एक पातळ पुस्तिका मिळाली. सिद्धरामेश्वरांनी स्थापन केलेल्या अडुसष्ट लिंगांची यादी, ठिकाणासह. ती चाळताना वाटलं, ही आपली सगळ्यात जुनी डिरेक्टरी. बाराव्या शतकापासूनची. आणि दरवर्षी जत्रेच्या पहिल्या दिवशी सात नंदीध्वज, म्हणजे सजवलेल्या उंच काठ्या, अख्ख्या गावाला फेरी घालून ती पायांनी वाचून काढतात, प्रत्येक नोंदीवर तेल घालतात. दुसऱ्या दिवशी अक्षता, तिसऱ्या दिवशी होम. पण मला पहिला दिवस आवडतो, कारण त्या दिवशी गावाला आपला पत्ता पाठ म्हणावा लागतो.

जत्रा सरल्यावर पुस्तिका घेऊन मी एकटाच निघालो. सात-आठ लिंगं सहज सापडली. पुढचं काही केल्या सापडेना. एका बोळात दोनदा जाऊन आलो. तिसऱ्या फेरीला ओट्यावर गहू निवडत बसलेल्या आजी म्हणाल्या, "काय हुडकलालाव ओ मघापास्नं?"

मी पुस्तिका दाखवली. त्यांनी ती हातातसुद्धा घेतली नाही. "ते होय, आमच्या मोरीमागं आहे की. या आत." आत गेलो. धुण्याच्या दगडाशेजारी हातभर देवळी, आत लिंग, त्यावर अजून तेलाची चकाकी.

"कुणाचे तुम्ही?" आजींनी विचारलं. मी आडनाव सांगितलं.

"शुक्रवार पेठेतले?"

"नाही, मंगळवार पेठ."

त्यांनी सूप बाजूला ठेवलं. "मंगळवार पेठ, म्हणजे फोनवाल्यांचे! अगं बाई. माझ्या थोरल्या लेकीला मुलगी झाल्याचा निरोप तुमच्याकडंच आला होता की, हैदराबादहून. तुझे वडील रात्री साडेदहाला सायकल मारत आलते सांगायला. ह्या इथंच उभारले होते, पेढासुद्धा न खाता गेले."

डिरेक्टरीत वडिलांचं नाव दोन आद्याक्षरं आणि आडनाव एवढंच आहे. मी मोरीकडे बघत राहिलो. आजी आत गेल्या आणि वाटीत तेल घेऊन आल्या. "आलाच आहेस तर घाल चार थेंब."