कागद, नीळ आणि उडॉन: जपानच्या गावांमध्ये हातानं शिकताना

तोक्यो किंवा क्योतोत उतरलेल्या प्रवाशाला हल्ली पावलोपावली वर्कशॉपच्या पाट्या दिसतात. तासाभरात वागाशी मिठाई, तासाभरात कागदी पंखा, तासाभरात सुशी. शिकवणारी माणसं जीव लावून शिकवतात, वेळही छान जातो. हातात दिवस मोजके असतील तर तिथंच शिकावं, यात काही वावगं नाही. पण शहरातल्या त्या स्वच्छ टेबलावर सगळं साहित्य मोजूनमापून तयार ठेवलेलं असतं. ते आलं कुठून, त्याच गावात का होतं, त्यासाठी आधी किती जणांचे हात राबले, हे कळायला कारागिराच्या गावीच जावं लागतं. म्हणून या खेपेला आईला बरोबर घेतलं आणि ऐन फेब्रुवारीत तीन ठिकाणं गाठली: कागदासाठी एचिझेन, निळीसाठी तोकुशिमा आणि उडॉनसाठी, म्हणजे गव्हाच्या जाड नूडल्ससाठी, कोतोहिरा.

एचिझेन फुकुई प्रांतात आहे. मार्च 2024 मध्ये होकुरिकु शिनकानसेन ही बुलेट ट्रेन त्सुरुगापर्यंत वाढली आणि एचिझेन-ताकेफू हे नवं स्टेशन झालं, त्यामुळे तिकडे पोचणं सोपं झालंय. तिथून पुढे डोंगराच्या कुशीत कागद करणाऱ्यांची गावं लागतात. आम्ही गेलो तेव्हा छपरांवर बर्फ होता आणि रस्त्याकडेच्या पाटांतून पाणी खळाळत होतं. इथली कथा अशी की सुमारे 1500 वर्षांपूर्वी नदीच्या वरच्या अंगाला एक स्त्री प्रकटली. या खोऱ्यात भातशेतीला जमीन थोडी, पण पाणी निर्मळ. तेव्हा तुम्ही कागद करा, असं तिनं सांगितलं आणि स्वतः शिकवलं. तीच कावाकामी गोझेन, कागदाची देवी. ओताकी गावातल्या तिच्या देवळाचं छप्पर एकावर एक लाटा याव्यात तसं रचलेलं आहे. ही इमारत 1843 सालची. आईनं तिथं हात जोडले आणि म्हणाली, "पोटापाण्याचं शिकवणारी देवी, किती छान!"

गावात पॅपिरस-कान नावाची जागा आहे. तिथं येणारा कुणीही छोटा कागद करू शकतो. जवळच कागद करणाऱ्यांचं एक जुनं घर हलवून पुन्हा उभारलं आहे आणि तिथं कारागीर सगळी प्रक्रिया जुन्या पद्धतीनं करून दाखवतात. माझा सल्ला: आधी त्या घरात जा, निवांत बसा, मग स्वतःचा कागद करा. उलट क्रमानं गेलात तर आपण काय केलं ते पुरतं कळणार नाही.

त्या घरात पहिल्यांदा दिसतं ते साल वेचणं. कोझो या तुतीच्या जातीच्या झाडाच्या फांद्या थंडीत तोडतात, वाफवतात, साल सोलतात, वरचा काळा पापुद्रा खरवडून काढतात आणि उरलेली पांढरी साल क्षाराच्या पाण्यात शिजवतात. मग ती गार पाण्यात पसरून तिच्यातला एकेक काळा ठिपका, एकेक कडक धागा बोटांनी वेचायचा. एक वयस्क बाई हे करत होत्या. पाण्याकडे बघूनच मला हुडहुडी भरत होती, त्यांची बोटं मात्र एका लयीत चालू होती. कागदाचा शुभ्रपणा ब्लीचमधून नाही, या बोटांतून येतो. हे काम कुठल्याही तासाभराच्या वर्गात नसतं, कारण ते तासाभरात दाखवण्यासारखंच नाही. पण माझ्या मते कागदाचा जीव तिथंच आहे.

वेचलेले तंतू कुटून हौदातल्या पाण्यात सोडतात आणि त्यात 'नेरी' घालतात. नेरी म्हणजे तोरोरो-आओई नावाच्या झाडाच्या मुळाचा चिकट रस. त्या झाडाच्या पिवळ्या फुलाचं चित्र भिंतीवर होतं. आईनं ते पाहिलं आणि म्हणाली, "अगं, हे तर भेंडीचं फूल!" खरोखरच ही दोन्ही झाडं एकाच कुळातली, सख्खी भावंडंच म्हणा ना. पण भेंडीची तार आपण ताक किंवा चिंच घालून मोडतो. इथं त्या तारेवरच सगळं उभं आहे. नेरीमुळे तंतू तळाशी न बसता पाण्यात तरंगत राहतात आणि साच्याच्या जाळीतून पाणी सावकाश गळतं. तेवढ्या वेळात कारागीर साचा पुढेमागे, डावीउजवीकडे हलवतो, तंतू एकमेकांत गुंततात आणि उरलेलं पाणी एका झटक्यात बाहेर फेकलं जातं. पुन्हा पाणी घ्यायचं, पुन्हा हलवायचं. थर पुरेसा झाला की ओला कागद आधीच्या ओल्या कागदावर तसाच ठेवतात, मध्ये काहीही न घालता! दाबून पाणी काढल्यावर ते सुटे सुटे निघतात, हीही नेरीचीच करामत. उष्णतेनं तिचा चिकटपणा जातो, म्हणून थंडीतला कागद उत्तम मानतात. ऐन गारठ्यात यायचं आम्ही ठरवलं ते याचसाठी.

आमच्या वाट्याला आला पोस्टकार्डाएवढा साचा. त्यावर रंगीत तंतू आणि वाळवलेली फुलं मांडायची मुभा होती. आईनं फुलं घेतली. मी काहीच घेतलं नाही. मला नुसता कागद हवा होता, उजेडासमोर धरला की तंतू दिसणारा. या गावांतल्या कागदावर फुकुईच्या सरदारांनी 1661 मध्ये चलनी नोटा काढल्या होत्या आणि 1868 मध्ये सम्राट मेइजीच्या नव्या सरकारच्या पहिल्या राष्ट्रीय नोटाही एचिझेनच्याच कागदावर छापल्या गेल्या. आपल्याकडे जुन्नरचा कागद असाच नावाजलेला होता आणि खुलताबादजवळच्या कागजीपुऱ्यात आजही हातानं कागद होतो. परतल्यावर आईला घेऊन तिथं जायचं, हे त्या हौदाशी उभी असतानाच मी ठरवून टाकलं.

एचिझेनहून तोकुशिमाला जायचं म्हणजे त्सुरुगाला गाडी बदलून ओसाका आणि तिथून बस. बस आकाशी सामुद्रधुनीवरचा झुलता पूल ओलांडून आवाजी बेटावरून शिकोकू या मोठ्या बेटावर उतरते. खिडकीची जागा धरा, इतकंच सांगते.

तोकुशिमा म्हणजे जुना आवा प्रांत. योशिनो नदीला दर वर्षी तुफानांच्या दिवसांत पूर येई. भाताचं पीक ऐन त्याच काळात उभं असे आणि वाहून जाई. नीळ मात्र पुरांच्या आधीच कापून होई आणि पूर ओसरला की शेतावर नवा गाळ पसरलेला असे. नदीच्या त्रासातूनच हे पीक इथं रुजलं आणि आवाची नीळ जपानभर जाऊ लागली. आइझुमी गावातलं 'आइ-नो-याकाता' हे संग्रहालय अशाच एका बड्या नीळ व्यापाऱ्याच्या जुन्या वाड्यात आहे. तिथं सगळा इतिहास बघायचा आणि त्याच आवारात स्वतः रुमाल किंवा पंचा रंगवायचा.

मराठी वाचकाला नीळ म्हटलं की चंपारण आठवतं, शेतकऱ्यावरची सक्ती आठवते. तिथली नीळ वेगळ्या झाडाची. तिची पानं हौदात भिजवून, पाणी घुसळून तिच्या वड्या पाडत. जपानी नीळ दुसऱ्याच कुळातली आणि तिची रीतही दुसरी. वाळवलेल्या पानांचे ढीग मातीच्या जमिनीच्या कोठारात रचतात, त्यांवर पाणी मारतात आणि ठरावीक दिवसांनी ते उलथेपालथे करतात. ढीग आतून तापतो, डोळ्यांत पाणी आणणारा अमोनियाचा वास सुटतो. साधारण 100 दिवसांनी जो काळसर, मातीसारखा पदार्थ हाती येतो तो 'सुकुमो'. मेइजी काळात भारतातली स्वस्त नीळ जपानात आली, मागोमाग जर्मन रासायनिक नीळ आली आणि आवाची शेतं आटत गेली. भारतातल्या मळ्यांवर ज्या निळीनं शेतकरी भरडला गेला, तिनंच इकडे दुसऱ्या शेतकऱ्याचं पीक मोडलं. तो फलक वाचून मी बराच वेळ तिथंच थांबले. आज सुकुमो करणारी घरं फार थोडी उरली आहेत. ती टिकावीत असं मला अगदी आतून वाटतं.

रंगवायची जागा म्हणजे रंगानं भरलेले हौद आणि कोंदट, आंबूस वास. सुकुमोत लाकडाच्या राखेचं पाणी, गव्हाचा कोंडा, शिंपल्यांचा चुना आणि साके घालून ते आंबवतात. नीळ एरवी पाण्यात विरघळत नाही. हे आंबवणारे जीवाणूच तिला विरघळण्याजोगी करतात. म्हणून हौदाला ऊब लागते, विश्रांती लागते. पृष्ठभागावर जांभळट निळा फेस येतो, त्याला इथं निळीचं फूल म्हणतात. रंगारी तो फेस बघूनच हौदाची तब्येत ओळखतात.

मी रुमालाला घड्या घालून रबर बांधले. आईनं मात्र शेंगदाणे मागितले! लहानपणी तिच्या शेजारी बांधणीचं काम करणारं एक कुटुंब राहायचं. धान्याचा दाणा कापडात धरून दोरा गुंडाळायचं तिला तेव्हापासून ठाऊक. शिकवणाऱ्या बाईंनी कुठूनसे सुके वाटाणे आणून दिले आणि आईचे हात बघत त्या शेजारीच बसल्या. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती. दोरा किती ओढायचा, गाठ कुठे टाकायची, हे बोलणं तरीही बराच वेळ चाललं.

कापड हौदातून वर आलं तेव्हा हिरवट, शेवाळी होतं. मग हवा लागली आणि डोळ्यांसमोर ते निळं होत गेलं, कडांकडून आत. फोटो काढायचं भान राहिलं नाही आणि त्याचं वाईटही वाटलं नाही. एकदा बुडवलं की फिका आकाशी रंग येतो. गडद हवा तर पुन्हा बुडवायचं, पिळायचं, हवेला धरायचं. घाई असली तरी किमान तीन-चारदा बुडवायला मागाच. हातमोजे देतात, पण मनगटाशी निळा डाग राहतोच. तो काही दिवसांनी जातो.

तोकुशिमाहून कोतोहिराला आम्ही रेल्वेनं गेलो. गाडी योशिनो नदीच्या काठाकाठानं आवा-इकेदापर्यंत जाते, तिथं बदलून डोंगर ओलांडायचा. कोतोहिरात कोनपिरा देवस्थान आहे. मुख्य देवळापर्यंत 785 पायऱ्या. आई सगळ्या चढली.

हा कागावा प्रांत, म्हणजे जुना सानुकी. इथं पाऊस कमी, म्हणून जागोजागी तळी बांधलेली आणि भाताच्या जोडीला गहू. समोरच्या समुद्राचं मीठ, त्याच समुद्रातली छोटी सुकी मासळी, शोदो बेटावरचा सोया सॉस. सानुकी उडॉनमध्ये जे जे लागतं ते सगळं या एवढ्याशा टापूत मिळतं. देवळाच्या वाटेवरच उडॉन शिकवणारी शाळा आहे.

साहित्य तीनच: मैद्यासारखं गव्हाचं पीठ, पाणी, मीठ. पण मिठाचं प्रमाण ऋतूप्रमाणे बदलतं. उन्हाळ्यात एक वाटी मिठाला तीन वाट्या पाणी, कडक थंडीत एकाला सहा. उन्हाळ्यात पीठ लवकर सैल पडतं, म्हणून मीठ जास्त. गोळा इतका घट्ट असतो की हातांना तो आवरत नाही. जाड प्लॅस्टिकमध्ये घालून पायांनी तुडवावा लागतो. शाळेत मोठ्यानं गाणी लावतात आणि सगळा वर्ग त्या तालावर नाचत तुडवतो. अन्नाला पाय लावायचा म्हणून आई आधी थबकली. शिकवणाऱ्या आजींनी तिचा हात धरला आणि दोघी मिळून तुडवू लागल्या. मग गोळ्याला विश्रांती, मग लांब लाटण्यावर गुंडाळत लाटणं, घड्या, आणि रुंद सुरीनं कापणं. शेवया, कुरडया करून मुरलेल्या आईच्या पट्ट्या एकसारख्या पडल्या. उकळायला जाड नूडल्सना दहा मिनिटांहून जास्त लागतात, मग गार पाण्यात चोळून धुवायच्या. दाताला लागणारा तो लवचीक चिवटपणा ताज्या उडॉनचाच. पाकिटातल्याला तो येत नाही.

शाकाहारी मंडळींसाठी थोडं नीट सांगते. उडॉनचा रस्सा इथं सुक्या मासळीचाच असतो, वरून भाजीच दिसत असली तरीही. आम्ही बुकिंग करतानाच लिहून कळवलं होतं, म्हणून आमच्यासाठी कोंबू हे समुद्री शेवाळ आणि सुके शिताके मशरूम भिजवून वेगळा रस्सा केला होता. तसं जमत नसेल तर नुसत्या सोया सॉसवर, किसलेला मुळा आणि लिंबू पिळून उडॉन मागा. फार सुंदर लागतो. मात्र सॉसच्या काही बाटल्यांतही मासळीचा अर्क असतो, तेव्हा तेही विचारून घ्या.

तिन्ही ठिकाणी आधी बुकिंग केलेलं बरं. आठवड्याचा सुट्टीचा वार आणि नववर्षाच्या सुट्ट्या बघून घ्या. कागदासाठी थंडी उत्तम. निळीचे ढीग सप्टेंबरच्या सुमाराला रचायला घेतात आणि डिसेंबरपर्यंत ते काम चालतं. कोठारात पाहुण्यांना घेतात का, हे आधी पत्रानं विचारावं लागेल. मला ते ढीग उलथताना बघायचे आहेत, म्हणून पुढचा बेत नोव्हेंबरचा. आई म्हणते, त्या वेळी ती घरून बांधणीचा दोरा घेऊन येणार.