परिचर ते कनिष्ठ लिपिक: पदोन्नतीच्या अर्हतेचा वाद

सातारा जिल्ह्यातल्या एका अनुदानित महाविद्यालयात मी प्रयोगशाळा परिचर होतो. कनिष्ठ लिपिकाच्या रिक्त जागेवर माझ्याहून सेवाकनिष्ठ कर्मचाऱ्याला बढती मिळाली आणि मला ‘अर्हता नाही’ असं पत्र आलं. टंकलेखनाचं प्रमाणपत्र माझ्याकडे होतं, पण सेवापुस्तकात त्याची नोंद नव्हती. शिक्षकेतर कर्मचाऱ्यांचे बहुतेक वाद इथूनच सुरू होतात.

आधी नियम मिळवायचा. आपल्या शिक्षकेतर कर्मचाऱ्यांना १९८४ ची प्रमाण संहिता, म्हणजे सेवाशर्तींचे नियम, लागू आहे. ती आणि तिच्यातल्या सुधारणा मूळ मजकुरात वाचाव्यात, ऑफिसात कोण काय सांगतं त्यावर जाऊ नये. पदोन्नती आणि सरळसेवा यांचं प्रमाण, पोषक पद (ज्या खालच्या पदावरून बढती मिळते ते), सेवेची वर्षं, टंकलेखनाचा वेग (मराठी ३०, इंग्रजी ४० शब्द प्रतिमिनिट), हे सगळं त्या पदाच्या नोंदीसमोर ताडून पाहावं.

मग तारखा. जागा रिक्त झाली तेव्हाचा नियम लागू होतो, असं १९८३ च्या रंगय्या निकालाच्या आधारे अनेक जण अजूनही सांगतात. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये हिमाचल प्रदेश सरकार विरुद्ध राज कुमार या प्रकरणात तो निकाल रद्दबातल ठरवला. आता सर्वसाधारणपणे प्रत्यक्ष विचार होतो त्या वेळचे नियम पाहिले जातात. म्हणून निवड समितीच्या बैठकीची तारीख आणि आपल्या प्रमाणपत्राची तारीख शेजारी शेजारी लिहून काढावी. प्रमाणपत्र बैठकीनंतरचं असेल तर बाजू खरोखर लंगडी आहे, हे वकिलाच्या आधी आपल्यालाच कळलेलं बरं.

बैठकीचं इतिवृत्त, ज्येष्ठता यादी, बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या आरक्षण प्रवर्गाची हे दाखवणारा तक्ता) आणि बढतीच्या मान्यतेचा प्रस्ताव माहिती अधिकारात मागावा. अर्जावर १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा. चार विषय एकत्र कोंबले की अर्ज अडकतो. उत्तरासाठी ३० दिवस. अनुदानित महाविद्यालयाने टाळाटाळ केली, तर तोच कागद सहसंचालक, उच्च शिक्षण यांच्या कोल्हापूर कार्यालयात मागता येतो, कारण मान्यतेचा प्रस्ताव तिथेच जातो.

प्राचार्यांमार्फत संस्थेच्या सचिवांना सविस्तर निवेदन द्यावं आणि आवक क्रमांकासह पोच घ्यावी. तोंडी आश्वासनावर वर्ष घालवू नये. निवेदनामागून निवेदनं दिल्याने मुदत वाढत नाही, विलंबाचा मुद्दा मात्र समोरच्याच्या हाती जातो.

दाद कुठे मागायची यात लोक हमखास चुकतात. मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहे, खासगी अनुदानित महाविद्यालयासाठी नाही. विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणात बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा आदेशांवर ३० दिवसांत अपील करता येतं. बढती डावलल्याची तक्रार २०१६ च्या विद्यापीठ कायद्यानुसार शिवाजी विद्यापीठाच्या तक्रार निवारण समितीकडे जाते. मी तिथेच गेलो. मात्र शासनाविरुद्धची तक्रार या समितीच्या कक्षेबाहेर आहे. सहसंचालकांनीच मान्यता नाकारली असेल तर उच्च न्यायालयात रिट याचिका. त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच बसतं आणि सातारा, सांगली दोन्ही जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. आपल्यासारख्या पगाराच्या माणसाला हा फरक फार मोठा आहे.

ज्याला बढती मिळाली त्याला प्रतिवादी करणं आवश्यक आहे. रोजच्या सहकाऱ्याला नोटीस धाडणं जिवावर येतं. पण त्याला ऐकून न घेता त्याची बढती काढता येत नाही आणि त्याचं नाव नसेल तर तेवढ्यावर प्रकरण फेटाळलं जाऊ शकतं.

मागण्या नेमक्या लिहाव्यात. बढती हा हक्क नाही. बढतीसाठी विचार होणं हा हक्क आहे. म्हणून ‘मला लिपिक करा’ असं न लिहिता, आदेश रद्द करून अमुक तारखेपासून माझा फेरविचार व्हावा आणि पात्र ठरल्यास मानीव दिनांक (बढती मागच्या ज्या तारखेपासून मिळाली असं धरायचं ती तारीख) मिळावा, असं मागावं. मानीव दिनांकासोबत वेतननिश्चिती आणि ज्येष्ठता स्वतंत्रपणे लिहावी. थकबाकीची मागणीही वेगळी करावी, कारण त्या काळात वरच्या पदावर काम केलं नाही म्हणून ती नाकारली जाऊ शकते. आदेशात तिचा उल्लेखच नसेल तर लेखा शाखा एक रुपयाही काढत नाही.