तपास काढून घ्यावा तो केव्हा?

पोलीस पक्षपाती आहेत, म्हणून तपास सीबीआयकडे किंवा विशेष तपास पथकाकडे वर्ग करावा, अशा मागणीच्या याचिकांवरचे निकाल मी आवडीने वाचतो. स्थानिक पोलिसांवर आपला विश्वास राहिलेला नाही, हे वाक्य त्यांतल्या जवळपास प्रत्येक याचिकेत सापडते आणि निव्वळ तेवढ्यावर न्यायालय सहसा हलत नाही. ते हलू नये, असेच माझेही मत आहे. तपासातून अमुक एक निष्कर्ष निघाला तर तपास करणाऱ्यालाच त्याची झळ बसणार आहे का, हे न्यायालयाने सर्वांत आधी पाहावे आणि उत्तर ‘हो’ असेल तर वेळ न घालवता तपास काढून घ्यावा.

अधिकाराबद्दल आता वाद उरलेला नाही. पश्चिम बंगालमधील गडबेता येथील हिंसाचाराच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने फेब्रुवारी २०१० मध्ये स्पष्ट केले की, राज्य सरकारची संमती नसली तरी उच्च न्यायालय राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली सीबीआय तपासाचा आदेश देऊ शकते. मात्र हा अधिकार क्वचित, सावधपणे आणि अपवादात्मक परिस्थितीतच वापरावा, एखाद्या पक्षकाराने स्थानिक पोलिसांवर आरोप केले एवढ्यावरून नव्हे, असेही त्याच निकालात बजावले आहे. अडचण अशी की, ‘अपवादात्मक’ म्हणजे नेमके काय, हे प्रत्येक खंडपीठाला नव्याने ठरवावे लागते.

पोलिसच आरोपी असतात तेव्हा तरी ते ठरवणे अवघड जाऊ नये. लखनभैया प्रकरण पाहा. ११ नोव्हेंबर २००६ रोजी वाशीतून दोघांना उचलण्यात आले आणि त्याच संध्याकाळी वर्सोव्याच्या नाना-नानी पार्कजवळ त्यांपैकी एकजण, रामनारायण गुप्ता ऊर्फ लखनभैया, चकमकीत मारला गेल्याचे पोलिसांनी जाहीर केले. गुन्हा दाखल झाला तो मृतावरच, पोलिसांवर प्राणघातक हल्ला केल्याचा. पण त्याचा भाऊ वकील होता आणि चकमकीची बातमी येण्यापूर्वीच, भावाला पळवून नेल्याच्या तारा आणि फॅक्स त्याने वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यांना पाठवले होते. स्टेशन डायरी पोलिसांच्या हातात असते, पंचनामाही त्यांच्याच हातात असतो. तारेवरची वेळ मात्र तार कचेरीची होती. एवढा पुरावा हाताशी असूनही उच्च न्यायालयाने विशेष तपास पथक नेमले ते ऑगस्ट २००९ मध्ये, म्हणजे जवळजवळ तीन वर्षांनी. लखनभैयाबरोबर उचललेला दुसरा माणूस हा खटल्यातला महत्त्वाचा साक्षीदार होता. २०११ मध्ये साक्ष होण्याच्या तोंडावर तो बेपत्ता झाला आणि नंतर त्याचा मृतदेहच सापडला. तपास आधी वर्ग झाला असता तर तो वाचला असता, असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही. मात्र जाब देणाऱ्याच्याच हाती कागद आणि साक्षीदार वर्षानुवर्षे राहू देणे, ही सावधगिरी म्हणता येत नाही.

याच प्रकरणातली आणखी एक गोष्ट मला महत्त्वाची वाटते. ते विशेष पथक दिल्लीहून आले नव्हते. मुंबई पोलीस दलातलेच उपायुक्त के. एम. एम. प्रसन्ना त्याचे प्रमुख होते. २०१३ मध्ये सत्र न्यायालयाने २१ जणांना दोषी ठरवले, त्यांत १३ पोलीस होते. मार्च २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने पोलिसांची शिक्षा कायम ठेवली आणि २०१३ मध्ये सुटलेले एक नामांकित माजी अधिकारीही दोषी ठरले. ते प्रकरण पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले आहे. तेव्हा निष्पक्ष तपास म्हणजे सीबीआय, हे समीकरण मला पटत नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनाचा तपास २०१४ मध्ये सीबीआयकडे गेला, पण मारेकऱ्यांपर्यंत नेणारा धागा २०१८ मध्ये हाती लागला तो पत्रकार गौरी लंकेश यांच्या खुनाचा तपास करणाऱ्या कर्नाटकच्या पथकामुळे. मे २०२४ च्या निकालात पुण्याच्या न्यायालयाने दोघांना शिक्षा सुनावली आणि खरे सूत्रधार शोधण्यात पुणे पोलीस व सीबीआय दोघेही अपयशी ठरल्याचे म्हटले.

आरोपीच पक्षपाताची तक्रार करतो तेव्हा मात्र न्यायालयाने हात आखडता घ्यावा. पत्रकार अर्णब गोस्वामी यांची बारा तासांहून अधिक चौकशी झाली, तरी मे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुंबई पोलिसांकडचा तपास सीबीआयकडे देण्यास नकार दिला, कारण तपास कोणी आणि कसा करावा हे आरोपी ठरवू शकत नाही. तो निकाल न्या. धनंजय चंद्रचूड यांचा होता. त्यांनीच सप्टेंबर २०१८ मध्ये भीमा कोरेगाव प्रकरणात बहुमताविरुद्ध जाऊन विशेष तपास पथकाची गरज मांडली होती. मला यात विसंगती दिसत नाही. २०१८ मध्ये त्यांच्यासमोर पोलिसांनी घेतलेल्या पत्रकार परिषदा होत्या, आणि प्रकरण न्यायप्रविष्ट असताना पोलिसांनीच पत्रे वाचून दाखवणे हे त्यांचे स्वतःचे, उघड, नोंदलेले वर्तन होते. २०२० मध्ये अशी कृती दाखवता आली नाही. (भीमा कोरेगावचा तपास जानेवारी २०२० मध्ये केंद्राने स्वतःहून एनआयए या केंद्रीय तपास यंत्रणेकडे दिला, आणि तोही राज्यात सरकार बदलल्यावर. बहुमताने दिलेला नकार तेवढ्यापुरताच टिकला.)

तपास वर्ग करायचा की नाही, हा निर्णय महिनोनमहिने चालतो, म्हणून पहिल्या तारखेलाच निदान पुरावा गोठवण्याचा आदेश व्हायला हवा. डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही आणि त्याचे चित्रण शक्यतो अठरा महिने, किमान एक वर्ष जपण्याचे निर्देश दिले आहेत. पण त्या चित्रणाची किल्ली ठाण्याकडेच असते. पहिल्याच सुनावणीला चित्रण, केस डायरीची प्रत आणि वायरलेसच्या नोंदी सीलबंद करून न्यायालयाच्या प्रबंधकांकडे जमा करून घेतल्या, तर पुढच्या तारखा कितीही पडल्या तरी युक्तिवाद त्या कागदांवर होऊ शकेल.