जुनं फुटेज आणता कुठून?

माहितीपट दाखवून झाला की कुणीतरी हमखास विचारतं, "हे जुनं फुटेज कुठून आणलंत? आणि ते असंच वापरता येतं का?"

मिळतं बऱ्याच ठिकाणी. ब्रिटिश पाथे या जुन्या वृत्तपट कंपनीने 2014 मध्ये सुमारे 85,000 फिल्म यूट्यूबवर टाकल्या. इंटरनेट आर्काइव्ह या मोफत ऑनलाइन संग्रहात प्रेलिंगर संग्रह, म्हणजे जुन्या जाहिराती, शैक्षणिक फिल्म वगैरेंचा साठा आहे, अमेरिकेच्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये सरकारी चित्रीकरणाचा साठा आहे. शोधताना मात्र आजचे शब्द बाजूला ठेवायचे. नोंदी त्या काळच्या माणसांनी केल्यात. सेंट पीटर्सबर्ग टाकून हाती काही लागलं नाही तर लेनिनग्राड हे त्याच शहराचं सोव्हिएत काळातलं नाव टाकून बघा. बायका तर बऱ्याचदा नवऱ्याच्या नावाखाली सापडतात!

मी मात्र दृश्याआधी त्याचा कागद मागतो. कॅमेरामन रिळाबरोबर 'डोप शीट' पाठवायचे: कुठे, कधी, कोण दिसतंय. तो नसेल तर आपण अंदाजावर निवेदन लिहितो. पहिल्या महायुद्धावरच्या 1916 च्या 'द बॅटल ऑफ द सॉम' या माहितीपटात सैनिक खंदकातून वर चढतात आणि दोघंतिघं कोसळतात. हे दृश्य आघाडीच्या मागे, प्रशिक्षणाच्या जागी रचून घेतलं होतं, असं अभ्यासक मानतात. तरी ते कितीतरी माहितीपटांत खरी लढाई म्हणून येतं. मला ते वापरायला हरकत वाटत नाही, फक्त निवेदनात तसं सांगा.

आता हक्क. नेटवर आहे म्हणजे फुकट, हा समज महागात पडतो. व्हिडिओ चढवणारा मालक असेलच असं नाही. अमेरिकी केंद्र सरकारने स्वतः केलेल्या चित्रीकरणावर तिथे कॉपीराइट नसतो, पण त्याच संग्रहात बाहेरून आलेली रिळंही असतात, आणि त्यांतल्या संगीताचा हक्क आणखी तिसऱ्याकडे असू शकतो.

परवाना म्हणजे किती सेकंद, कोणते देश, कोणतं माध्यम, किती वर्षं. 'आइज ऑन द प्राइज' ही अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची 1987 ची गाजलेली मालिका. तिच्यातल्या फुटेजचे आणि गाण्यांचे परवाने संपले आणि ती कित्येक वर्षं दाखवताच आली नाही. 2006 मध्ये पुन्हा टीव्हीवर आली, तीही नव्याने पैसे उभे करून परवाने घेतल्यावर. पैसे कमी म्हणून फक्त महोत्सवापुरते हक्क घेणाऱ्यांना मी एवढंच सांगतो: पुढच्या सगळ्या हक्कांचा दर आत्ताच लेखी घेऊन ठेवा. चित्रपट विकला गेल्यावर समोरच्याला कळलेलं असतं की तुम्ही अडला आहात.

संकलन वॉटरमार्क (चित्रावरचा मालकाचा शिक्का) आणि टाइमकोड (प्रत्येक चौकटीची वेळ दाखवणारे आकडे) असलेल्या कच्च्या प्रतीवर करा, पहिल्या दिवसापासून प्रत्येक तुकड्याचा स्रोत आणि टाइमकोड तक्त्यात लिहा. चांगली प्रत मागवायची ती संकलन पक्कं झाल्यावरच. बिल बहुधा सेकंदांवर लागतं, आणि बऱ्याच ठिकाणी किमान शुल्कही असतं.