पंचनाम्यातला रिकामा रकाना

मासेमारी बंदीच्या प्रकरणात होडीवाल्याची बाजू मांडायला घेतली की एक वाक्य हमखास ऐकायला मिळतं: "आमी पिढ्यान्‌पिढ्या पारंपरिक. आमका बंदी कसली?" बंदीच्या काळात पकडलेल्या मालवण पट्ट्यातल्या एका होडीच्या ह्या प्रकरणाची सुरुवातही तिथूनच झाली. पहिलं काम म्हणजे ते वाक्य जबाबातून काढून टाकणं.

कारण 1 जून ते 31 जुलै ह्या बंदीच्या 61 दिवसांत सूट आहे ती बिगरयांत्रिक नौकेला, पारंपरिक माणसाला नाही. होडी कितीही लहान असो, जाळं आजोबांच्या पद्धतीचं असो, मागे आउटबोर्ड इंजिन लागलं की ती बंदीत आली. अशिलाच्या मुलाला बंदीलाच आव्हान द्यायचं होतं. ते मी साफ नाकारलं. केरळच्या जोसेफ अँटनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1993 साली राज्याच्या हद्दीतली पर्ससीनबंदी (माशांचा अख्खा थवा वेढून घेणाऱ्या मोठ्या जाळ्यांवरची बंदी) उचलून धरली, ती छोट्या मच्छीमारांच्या पोटापाण्याकडे बघूनच. त्याच निकालाच्या जोरावर आपण पर्ससीनवाल्यांशी भांडतो. मग सरकारला बंदीचा अधिकारच नाही असं आपणच कोणत्या तोंडाने म्हणायचं?

राहिला एकच प्रश्न. त्या सकाळी होडीला इंजिन होतं का?

नोंदणीवर 9.9 अश्वशक्तीचं इंजिन दाखवलेलं. अशील सांगत होता की ते मेअखेर उतरवून दुरुस्तीला दिलं आणि होडी वल्ह्यांवर गेली. गॅरेजची पावती होती, पण तिच्यावर इंजिनाचा क्रमांक नव्हता. अशी पावती कुणाच्याही इंजिनाची असू शकते, म्हणून मेकॅनिकचं प्रतिज्ञापत्र केलं, त्यात क्रमांक घातला आणि तो नोंदणीशी जुळवून घेतला. हे सुनावणीच्या आधी झालं पाहिजे. आयत्या वेळी आणलेला कागद संशयानेच वाचला जातो.

पंचनाम्यात इंजिनाचा प्रकार लिहिलेला होता, क्रमांकाचा रकाना मात्र रिकामा. इंजिन समोर असतं तर माणूस आधी क्रमांक टिपतो. प्रकार नोंदणीच्या कागदावरूनही उतरवता येतो. गस्तीवरच्या कर्मचाऱ्याने मोबाइलवर काढलेला फोटो आम्ही मागून घेतला होता. मोठा करून पाहिला तर होडीच्या मागच्या फळीवर इंजिन आवळणाऱ्या शिकंज्याचे दोन गोल व्रण, रंग उडून आतलं लाकूड दिसतंय, आणि त्यांच्यावर काहीच नाही.

दुसरी गंमत रेखांशाची. पंचनाम्यात 73-27-50 लिहिलेलं. ते अंश, मिनिटं, सेकंद धरून नकाशावर टाकलं तर होडी माडाच्या बागेत! गस्तीच्या जीपीएसवर 73 अंश 27.50 मिनिटं असं दिसतं. त्यातला .50 म्हणजे अर्धं मिनिट, 30 सेकंद. लिहिणाऱ्याने 50 सेकंद धरले. फरक 20 सेकंदांचा, पण आपल्या अक्षांशावर तो पूर्वेकडे सुमारे 590 मीटर भरतो. एवढ्यावर प्रकरण जिंकता येत नाही, मत्स्यव्यवसाय खातं 'लेखनदोष' म्हणून मोकळं होतं. उपयोग उलटतपासणीत झाला. तिसरा आकडा सेकंद की दशांश, ह्याचं उत्तर साक्षीदाराला देता आलं नाही, आणि जो रकाना न तपासता भरला गेला त्याच्या शेजारच्या रकान्यांवरही विश्वास उरला नाही.

सुनावणी त्याच खात्याच्या अभिनिर्णय अधिकाऱ्यांपुढे, म्हणजे निवाडा देणाऱ्या अधिकाऱ्यांपुढे होती. 1981 च्या महाराष्ट्र सागरी मासेमारी नियमन कायद्यात 2021 मध्ये दुरुस्ती होईपर्यंत हे काम तहसीलदाराकडे असे. आता पकडणारं खातं आणि निवाडा देणारं खातं एकच, हे मला अजून पटत नाही. पण जाळं आणि होडी म्हणजे काय हे तिथे समजावून सांगावं लागत नाही, हेही खरं. तहसीलदाराकडे महसुलाच्या ढिगात हीच फाइल महिनोन्‌महिने पडून राहायची.

खात्याचा जोर नोंदणीवर होता: कागदावर यांत्रिक, म्हणजे यांत्रिकच. हा मुद्दा पोकळ नव्हता. म्हणून इंजिन उतरवून बंदीत जायचं असेल, तर परवाना अधिकाऱ्याला आधी लेखी कळवून पोच घ्यावी. ती आमच्याकडे नव्हती. शेवटी इंजिनाचा वापर सिद्ध होत नाही म्हणून दंड टळला, नोंदणीबाबत ताकीद मिळाली, लिलावात विकलेल्या मासळीचे पैसे परत करायचा आदेश झाला.

जप्त झालेलं जाळं आणायला गेलो तेव्हा चूक कळली. ती माझीही होती. कांडाळ, म्हणजे पाण्यात भिंतीसारखं उभं सोडायचं जाळं, बारा तुकडे जोडून केलेली होती. प्रत्येक तुकड्याची लांबी, आसाचा (जाळ्याच्या छिद्राचा) आकार, बोये किती, शिशाच्या गोळ्या किती, हे जप्तीच्या वेळीच लिहून घ्यायला हवं होतं. पंचनाम्यात फक्त 'जाळे – 1 नग' होतं. गोदामातून सात तुकडे निघाले, त्यातले दोन उंदरांनी कुरतडलेले. पोचपावतीवर कारकुनाने लिहिलं, 'जाळे – 1 नग, परत'.