आमची वाटचाल : नंबर तिच्याच नावावर हवा

आम्ही दोघी भागीदार. फोनवर ऐकायचे धडे तयार करणं हा आमचा व्यवसाय. बाईने ठरलेल्या नंबरवर मिस्ड कॉल द्यायचा. आमच्या यंत्रणेकडून तिला उलटा कॉल जातो आणि पाचेक मिनिटांचा धडा तिच्या बोलीत ऐकू येतो. पैसे कसे पाठवायचे, ओटीपी कुणाला का सांगायचा नाही, त्रास देणारा नंबर ब्लॉक कसा करायचा, असे विषय. तिला खर्च पडत नाही, इंटरनेट लागत नाही, बटणांचा साधा फोनही चालतो. विकसनशील देशांत महिलांसोबत काम करणाऱ्या संस्था आणि लघुवित्त कंपन्या हे धडे आमच्याकडून करून घेतात.

सुरुवात संगणक वर्गांपासून झाली. आधी आम्ही बँकांसाठी सॉफ्टवेअर लिहायचो. नोकरी सोडली, पदरमोड करून जुने संगणक घेतले आणि संस्थांच्या जागेत वर्ग सुरू केले. बायका हौसेने यायच्या, भराभर शिकायच्याही. पण शिकून घरी गेल्यावर हाताशी संगणक कुठला? फोन मात्र घरोघरी पोचला होता, म्हणून आम्ही फोनकडे वळलो.

नोंदणीच्या वेळी आम्ही प्रत्येकीचा नंबर विचारायचो. अनेकजणी नवऱ्याचा द्यायच्या, काही मुलाचा. सिमकार्ड त्याच्या नावावर, फोन दिवसभर त्याच्या खिशात. रात्री तो घरी आला की आधी मुलं, मग उरलाच वेळ तर ती. बचतीचं खातंही त्याच नंबरला जोडलेलं. स्वतःच्या कमाईचे पैसे काढायला बसली की ओटीपी जायचा नवऱ्याच्या फोनवर. सर्वेक्षणात मात्र अशा घरापुढे ‘फोन आहे’ अशी खूण होते आणि विषय तिथेच संपतो.

तेव्हापासून आमच्या कामाचं सूत्र एकच आहे: तिच्या नावावर सिम आणि तिच्या हातात फोन. बाकी सगळं त्यानंतर.

आकडे हेच सांगतात. मोबाइल कंपन्यांची जागतिक संघटना जीएसएमए दरवर्षी कमी आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांतली स्थिती मांडते. तिथे मोबाइलवर इंटरनेट वापरण्यात बाया पुरुषांपेक्षा २०२२ साली १९ टक्क्यांनी मागे होत्या, २०२४ साली १४ टक्क्यांनी. दरी कमी होते आहे, पण दक्षिण आशिया आणि सहारा वाळवंटाखालची आफ्रिका इथे ती अजूनही सर्वांत रुंद आहे. भारतात २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात स्वतः वापरता येईल असा फोन ५४ टक्के बायकांकडे होता. इंटरनेट कधीतरी वापरलेल्या ३३ टक्के. कारणं सगळीकडे थोड्याफार फरकाने तीच: फोनची किंमत, वाचता न येणं, आणि नको त्या माणसांचे फोन येतील ही भीती. तिसऱ्या कारणाकडे कुणी पुरेसं लक्ष देत नाही, असं माझं ठाम मत आहे. त्रासाचे चार फोन आले की घरचे आधी तिचाच फोन काढून घेतात.

नवीन संस्थेशी बोलताना मी केनियाचं उदाहरण आवर्जून देते. २००७ साली तिथे एम-पेसा सुरू झालं. साध्या फोनवरून पैसे ठेवायचे, पाठवायचे, आणि खात्याला पिन तिचा स्वतःचा. तवनीत सुरी आणि विल्यम जॅक या अर्थतज्ज्ञांनी २०१६ मध्ये त्याचे दूरगामी परिणाम मांडले. त्यांच्या अंदाजाने सुमारे १,९४,००० कुटुंबं दारिद्र्यातून वर आली आणि सुमारे १,८५,००० बायका पोटापुरत्या शेतीतून धंद्याकडे वळल्या. बाईचे पैसे तिच्याच पिनमागे राहिले की काय होतं, याचा याहून चांगला पुरावा माझ्याकडे नाही.

आमचं बरंचसं कष्टाचं काम ध्वनिमुद्रणाच्या खोलीत चालतं. ‘एक दाबा, बचतीसाठी’ असं म्हटलं तर बचत ऐकेपर्यंत आकडा विसरतो. म्हणून आधी विषय, मग आकडा: ‘बचतीबद्दल ऐकायचं असेल, तर एक दाबा.’ बटण दाबायला बाई फोन कानापासून खाली घेते, बटण शोधते, दाबते, पुन्हा कानाला लावते. तेवढ्यात पुढचं वाक्य निघून गेलेलं असतं. तेवढी शांतता आम्ही प्रत्येक आकड्यानंतर मोजून ठेवतो. तीनपेक्षा जास्त पर्याय देत नाही. आवाज बचत गटातल्याच बायकांचे घेतो, आणि त्याचे पैसे त्यांना रीतसर देतो. टचस्क्रीन शिकवताना एकीचं बोट काही केल्या उमटेना. कामाने कातडी इतकी कोरडी आणि राठ झाली होती. ती अंगठा ओला करून पुन्हापुन्हा दाबत राहिली. बटणांच्या फोनसाठी धडे करणं आम्ही सोडणार नाही, त्यामागे तीही आहे.

फोन घरातल्या सगळ्यांच्या हातात फिरतो हे धरूनच आम्ही चालतो. धड्यानंतर मेसेज पाठवत नाही. हिंसा किंवा कर्ज यांवरचे धडे बाईने स्वतः ठरवलेला आकडा दाबल्यावरच उघडतात.

व्यवसायाची घडी बसायला वेळ लागला. एका मोठ्या ग्राहकाला फक्त अॅपच्या डाउनलोडचा आकडा हवा होता. ते काम आम्ही सोडलं आणि पुढचे काही महिने पगार ओढाताणीत काढले. आता प्रत्येक करारात आम्ही एक गोष्ट लिहून घेतो: प्रकल्प संपताना किती बायकांचं सिम त्यांच्या स्वतःच्या नावावर आहे, हे संस्थेने मोजायचं. सिमसाठी ओळखपत्र लागतं आणि ते पुष्कळजणींकडे नसतं, त्यामुळे संस्थांना आधी ओळखपत्रांच्या मागे लागावं लागतं. काहीजण कुरकुर करतात. करून दाखवलेल्या संस्था मात्र पुढचं कामही आम्हालाच देतात.

सध्या नव्या धड्याचं ध्वनिमुद्रण चालू आहे. रिचार्ज बराच काळ केला नाही की नंबर बंद पडतो आणि पुढे दुसऱ्याच कुणाला दिला जातो. बँक खातं मात्र त्याच नंबरला जोडलेलं राहतं. हातात पैसे कमी असले की बाई पहिला खर्च स्वतःच्या रिचार्जचा कापते. नंबर जिवंत ठेवायला कमीत कमी काय करावं लागतं आणि तो गेलाच तर बँकेत जाऊन काय सांगायचं, एवढंच या धड्यात आहे. पहिली फेरी पुढच्या महिन्यात ऐकवायची आहे.